माहितीपटाचा कॅमेरा करायचाय? आधी थांबायची सोय करा

कोणता कॅमेरा घेऊ, हा प्रश्न मला सगळ्यात जास्त विचारला जातो आणि त्याचं उत्तर मी सगळ्यात शेवटी देते. माहितीपटात किंवा प्रयोगशील सिनेमात आपल्याला काम मिळतं ते आपल्याकडच्या कॅमेऱ्यामुळे नव्हे. दिग्दर्शकाला असा माणूस हवा असतो, जो एखाद्याच्या घरात सहा तास बसला तरी घरच्यांना त्याचा जाच होत नाही आणि खरंच काही घडतं तेव्हा ज्याचा कॅमेरा चालू असतो. बाकी सगळं भाड्याने मिळतं.

मी सोलापूरची. लग्नाच्या शूटिंगमधून या धंद्यात आले. आता पुण्यात राहते आणि वर्षातले बरेच महिने कुणाच्या तरी अंगणात, कारखान्यात नाहीतर कोर्टाच्या व्हरांड्यात उभी असते. मधूनमधून असंही काम करते ज्यात गोष्ट नसते, निवेदन नसतं आणि जे पाहून आमची आत्या विचारते, "बरं, मग पुढे काय झालं?" खाली लिहितेय ते या दोन्ही कामांबद्दल. दोन्हीकडे थांबता आलं पाहिजे, आणि थांबणं हा स्वभावाचा भाग कमी, सोयीचा जास्त. पाठीची सोय, पैशाची सोय, बॅटरीची सोय. ती आधी लावायची.

शिकायचं कुठे

पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी चित्रपट संस्थेत छायालेखनाचा, म्हणजे कॅमेऱ्याच्या कामाचा, तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेतही आहे. जागा मोजक्या, परीक्षा अवघड. प्रवेश मिळाला तर डोळे मिटून जा. साधनं हाताळायला मिळतात, वाद घालायला मित्र मिळतात आणि पुढची वीस वर्षं त्यातलेच लोक कामाला बोलावतात. नाही मिळाला तर रडत बसू नका. एफटीआयआयचे छोटे अभ्यासक्रमही असतात. शिवाय पुण्यात असाल तर त्याच लॉ कॉलेज रस्त्यावर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, १९६४ पासूनचं. तिथले खेळ चुकवू नका.

आता माझं लाडकं मत. लग्नाचं शूटिंग ही या कामाची उत्तम शाळा आहे. लोक नाक मुरडतात, मुरडू देत. मंगलाष्टकातलं शेवटचं 'सावधान' झालं की अंतरपाट निघतो, अक्षता पडतात, आणि तेव्हा तुम्ही भटजींच्या पाठीमागे अडकलेले असाल तर खेळ खलास. रिटेक नाही. म्हणून चाणाक्ष शूटिंगवाला तिसऱ्या मंगलाष्टकालाच सरकायला लागतो. मामाच्या खांद्यावरून नवरीचा चेहरा मिळेल अशी जागा धरतो आणि ती सोडत नाही. मधे कुणीतरी काका मोबाईल घेऊन येणार हे गृहीत धरून दुसरी जागाही मनात ठेवतो. वर पिवळ्या मांडवातून झिरपणारा उजेड, बाजूला हॉलच्या हिरवट ट्यूबलाइटी, समोर स्टेजवरचे एलईडी. या खिचडीत चेहऱ्याचा रंग माणसासारखा ठेवणं ज्याला जमलं, त्याला पुढे ग्रामपंचायतीच्या सभेत काही अवघड जात नाही. कुठल्या घटनेत पुढे काय होणार आहे, आपण कुठे असायला हवं आणि कुणाची वाट अडवायची नाही, हे तिथे पैसे घेऊन शिकायला मिळतं. कॉलेजात पैसे भरून शिकावं लागतं.

शोरीलबद्दल, म्हणजे काम मागताना दाखवायच्या आपल्या निवडक शॉट्सच्या फितीबद्दल, एक विनंती. वारी, जेजुरीचा भंडारा आणि गणपती विसर्जन हे तिन्ही त्यातून काढून टाका. तिथे कॅमेरा कुठेही धरला तरी चित्र देखणं येतं, त्यामुळे तुमचं काय आहे ते कळतच नाही. त्याऐवजी तलाठी कार्यालयाबाहेर थांबलेल्या माणसांचा न कापलेला दोन मिनिटांचा शॉट पाठवा. मी सहायक निवडताना तेच पाहते.

पाहायचं काय, आणि कसं

निपाणीच्या तंबाखू कामगार बायकांवर १९८२ साली 'तंबाखू चाकिला ऊब आली' हा माहितीपट झाला. त्याच्या आदल्या वर्षी पुण्यातल्या घरकाम करणाऱ्या बायकांच्या संघटनेवर 'मोलकरीण'. दोन्ही युगांतर या स्त्रियांनी सुरू केलेल्या चित्रपट-गटाचे. दीपा धनराज त्या गटात होत्या आणि कॅमेरा नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांचा. याच माणसाने त्याआधी १९७३ मध्ये प्रयोगशील दिग्दर्शक मणी कौल यांचा 'दुविधा' १६ एमएमवर, म्हणजे अरुंद पट्टीच्या फिल्मवर, चित्रित केला होता. एकीकडे राजस्थानी लोककथेतली जवळजवळ चित्रासारखी स्थिर चौकट, दुसरीकडे तंबाखूच्या धुरळ्यात काम करणाऱ्या बायका. प्रयोगशील आणि माहितीपट ही दोन वेगळी खाती आहेत असं कुणी सांगितलं तर हे चित्रपट लागोपाठ पाहा. रंजन पलित हेही बघायलाच हवं असं नाव. 'हमारा शहर' या १९८५ च्या मुंबईतल्या झोपडपट्टीवासीयांवरच्या माहितीपटात त्यांचा कॅमेरा आहे, आणि माहितीपटाचा कॅमेरामन म्हणून जगलेल्या आयुष्यावर त्यांनी २०१० मध्ये स्वतःच एक चित्रपट केला.

पाहताना आवाज बंद करा. वही घ्या. प्रत्येक शॉटला तीनच गोष्टी लिहा: कॅमेरा कुठे आहे, किती उंचीवर आहे, किती सेकंद टिकला. अर्ध्या तासात तुमच्या लक्षात येईल की चांगला कॅमेरा करणारा फार हलत नाही. तो जागा बदलतो, मग थांबतो. हलतो तेव्हा त्याला समोरच्या माणसाने हलवलेलं असतं.

एका खोलीत कसं बसावं

उदाहरण सोलापूरचंच घेते. विडी वळणाऱ्या बाईच्या घरी शूटिंग आहे. एक खोली, एक दार, खिडकी असली तर तिच्यावर गाठोडी. बाई दाराशी बसलेली, मांडीवर सूप, सुपात तंबाखू, बाजूला ओल्या फडक्यात गुंडाळलेली तेंदूची पानं. ती दाराशी का बसली आहे? कारण उजेड तिथेच आहे. नवखा कॅमेरामन नेमका दारात उभा राहतो, कारण तिथून सगळं दिसतं. तिचा उजेड जातो. ती काही बोलत नाही, जरा सरकते, पुन्हा सरकते, आणि तुम्हाला वाटतं की बाई अवघडली आहे. तिचं काम अडलंय, एवढंच.

म्हणून आत जा. आतल्या भिंतीला पाठ लावून खाली मांडी घालून बसा. आता उजेड तिच्या एका गालावर आहे आणि दुसरा गाल अंधारात. एक्स्पोजर उजेडातल्या गालाचं ठेवा. मागचं दार पांढरं उडालं तर उडू दे. रस्त्यावरची स्कूटर दिसली नाही म्हणून कुणी तिकिटाचे पैसे परत मागत नाही. ट्रायपॉड अशा खोलीत पसरता येत नाही. मांडीवर उशी, उशीवर कॅमेरा, कोपर गुडघ्यावर टेकवलेलं. लेन्स तिच्या डोळ्यांच्या पातळीला. खाली बसलेल्या माणसाला वरून टिपलं की तो आपोआप बिचारा दिसतो, आणि ही बाई बिचारी नाही. हजार विड्यांचा हिशेब तिच्या बोटांत आहे.

पहिला अर्धा तास रेकॉर्ड दाबायचं नाही, पण कॅमेरा मांडीवर उघडाच ठेवायचा. लेन्स तिच्याकडे. तिला त्या काळ्या गोळ्याची सवय होऊ दे. तुम्ही तेवढ्यात कामाची लय ऐका. पत्र्याचा साचा पानावर ठेवून कात्री फिरते, तो करकर आवाज. मग तंबाखूची चिमूट, वळण, दोऱ्याचा वेढा, टोक दुमडणं. हे चक्र किती सेकंदांचं आहे? तुमचा शॉट निदान तीन चक्रांचा हवा. पहिलं चक्र प्रेक्षकाला काय चाललंय ते कळायला लागतं, दुसरं वेग कळायला, आणि तिसऱ्यात तो हातांकडे बघणं सोडून बाईचा विचार करायला लागतो. संकलक तिसरं चक्र वापरतो. तेवढ्यासाठी पहिली दोन.

हातांवरून चेहऱ्याकडे पॅन करू नका, म्हणजे कॅमेरा फिरवत नेऊ नका. सगळे करतात. हात वेगळे घ्या, चेहरा वेगळा घ्या, दोन्हींमध्ये आवाज चालू राहू दे. प्रत्येक शॉट संपला असं वाटलं की मनातल्या मनात दहा मोजा आणि मगच बंद करा. माझ्या कामातले बरे म्हणता येतील असे बरेच क्षण त्या दहा आकड्यांतले आहेत. प्रश्न संपला असं समजून माणूस सैल पडतो, आणि मग जे बोलायचं होतं ते बोलतो.

याच कारणासाठी कानावर हेडफोन हवा. साउंड रेकॉर्डिस्ट असला तरीही. सोलापुरात विडी वळणाऱ्या कितीतरी घरांत आपसात तेलुगू चालतं आणि पाहुण्याशी मराठी. मला तेलुगू कळतं ते बेताचंच, पण वाक्य कुठे संपलं, थट्टा कुठे झाली, कुठे एकदम शांतता पसरली हे कानाला कळतं. भाषा येत नसली तरी सुरावर कॅमेरा धरता येतो. बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर जायचं कधी, तेही कानच सांगतो.

मुलाखतीचं थोडक्यात. माणसाला खुर्चीत बसवायची सक्ती नको, तो जिथे रोज बसतो तिथेच बसू दे. प्रश्न विचारणारा लेन्सला चिकटून बसला पाहिजे, नाहीतर नजर भलतीकडे जाते. पंखा बंद करायचा हट्ट मे महिन्यात सोलापुरात चालत नाही. सावकाश फिरू दे, माइक जवळ लावा, आणि नुसत्या खोलीचा आवाज मिनिटभर वेगळा घ्या. फ्रीज बंद केलात तर गाडीची किल्ली फ्रीजमध्ये ठेवा. निघताना तो पुन्हा सुरू करायला आपण विसरत नाही. लोकांचं दूध नासवून सिनेमा करायचा नसतो.

आकड्यांचं काम

आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. सेकंदाला २५ फ्रेमवर शूट करा, शटर १/५० सेकंद. ट्यूब आणि बहुतेक बल्ब लुकलुकत नाहीत. २४ फ्रेम हवेच असतील तर शटर अँगल (काही कॅमेऱ्यांत शटर अंशांत मोजतात) १७२.८ अंश. स्वस्त एलईडी आणि दुकानांच्या पाट्या तरीही दगा देतात, त्यामुळे सुरू करण्याआधी मॉनिटरकडे नीट बघा आणि शटर किंचित खालीवर करून पाहा. व्हाइट बॅलन्स, म्हणजे उजेडाच्या रंगाशी कॅमेऱ्याची जुळणी, ऑटोवर ठेवायचा नाही, कधीच. उन्हात ५६०० केल्व्हिन, आणि दिवसभर तेच. संध्याकाळ पिवळी होत गेली तर होऊ दे, ती तशीच असते. दुपारच्या उन्हासाठी एनडी फिल्टर, म्हणजे उजेड कमी करणारी करडी काच, नाहीतर शटर वाढवावं लागतं आणि चालणारी माणसं थडथडायला लागतात.

दोन बेस आयएसओ, म्हणजे चित्र स्वच्छ येतं असे उजेड-संवेदनशीलतेचे दोन आकडे, असलेले कॅमेरे आता सर्रास मिळतात. सोनीच्या एफएक्स ३ आणि एफएक्स ६ वर एस-लॉग ३ या रेकॉर्डिंग पद्धतीत ते ८०० आणि १२,८०० आहेत. ऊसतोडीच्या फडावर पहाटे ट्रॅक्टरच्या दिव्यात गाडी भरतात, तिथे १२,८०० चा उपयोग देवासारखा होतो. मधल्या आकड्यांवर उगाच रेंगाळू नका.

ड्रोन? २५० ग्रॅमपर्यंतच्या नॅनो ड्रोनला वैमानिकाचं प्रमाणपत्र लागत नाही, पण विमानतळ, छावण्या अशा लाल क्षेत्रांत सरकारी परवानगीशिवाय कोणताच ड्रोन चालत नाही, नकाशा बघूनच उडवा. तसंही वरून दिसणारं गाव प्रत्येक माहितीपटात सारखंच दिसतं, हे माझं कुजकट मत.

प्रयोग करायचा म्हणजे

प्रयोगशील म्हणजे धूसर, हलतं आणि न कळणारं, हा समज आधी टाकून द्या. प्रयोग म्हणजे एक नियम घालून घेणं आणि तो कुठवर ताणला जातो ते बघणं. मणी कौल आणि त्यांचे छायालेखक के. के. महाजन यांनी 'उसकी रोटी' दोनच लेन्सवर बेतला, २८ एमएम आणि १३५ एमएम. सुरुवातीला एक लेन्स प्रत्यक्षासाठी आणि एक बाईच्या मनातल्यासाठी, आणि पुढे हळूहळू दोन्हींची सरमिसळ. एवढ्या साध्या नियमातून केवढं काय निघालं! फिल्म्स डिव्हिजनमध्ये, म्हणजे सरकारी खात्यात बसून, प्रमोद पतींनी १९७२ मध्ये 'आबिद' केला. आबिद सुरती हा चित्रकार, जिताजागता माणूस, फ्रेम-फ्रेमने सरकवत, बाहुलीसारखा. त्यासाठी आज तुमच्या फोनमध्येही सोय आहे.

मी सहायकांना एक सराव देते. बोलेक्स या १६ एमएमच्या चावीच्या कॅमेऱ्याला एकदा पूर्ण चावी दिली की साधारण २८ सेकंद फिल्म फिरते. शंभर फुटांचा रोळ २४ फ्रेमच्या वेगाने पावणेतीन मिनिटांत संपतो. तेव्हा असं समजा की तुमच्या डिजिटल कॅमेऱ्यात आज एवढंच आहे: २८ सेकंदांहून लांब शॉट नाही, एकूण पावणेतीन मिनिटं, आणि काही पुसायचं नाही. एखाद्या बाजारात, एसटी स्टँडवर, आपल्याच स्वयंपाकघरात एवढ्यावर दिवस काढा. दुपारपर्यंत बहुतेकांनी एकही शॉट घेतलेला नसतो, नुसते बघत असतात. हाच सरावाचा हेतू. मग पुढच्या दिवशी उलटं करा. कॅमेरा एकाच जागी, एकच चौकट, बॅटरी संपेपर्यंत. विहिरीचा काठ, गिरणीचं फाटक, काहीही. घरी येऊन सगळं पाहा, पुढे न पळवता. कंटाळा कुठे आला आणि कुठे गेला ते लिहून ठेवा.

खरी फिल्म हाताळायची असेल तर मुंबईत वर्सोव्याला हरकत स्टुडिओजच्या लोकांनी १६ एमएमचा महोत्सव आणि प्रयोगशाळेचं काम चालवलंय. बेंगळुरूचा एक्स्पेरिमेंटा महोत्सव २००३ पासूनचा, तिथे हा सगळा गोतावळा भेटतो. या कामातून घर चालत नाही, हे आधीच सांगते. पण माहितीपटाचे दिग्दर्शक हे काम पाहून तुम्हाला बोलावतात. मला माझी सगळ्यात लांब चाललेली नोकरीसारखी कामं अशाच एका गोष्ट नसलेल्या फिल्ममुळे मिळाली.

पैसे

लोक इथे लाजतात. लाजू नका.

कोटेशनमध्ये स्वतःची फी आणि सामानाचं भाडं वेगवेगळं लिहा, सामान तुमचं असलं तरी. निर्माता घासाघीस करतो तेव्हा सामान कमी करता येतं, माणूस कमी करता येत नाही. प्रवासाच्या दिवसाचे पैसे घ्या, अर्ध्या दराने का होईना. मुंबईत शिफ्ट १२ तासांची धरतात. माहितीपटात १२ तास पाळणं जमत नाही, पण कागदावर लिहून ठेवलं की निदान दुसऱ्या दिवशी उशिरा सुरू करायला तोंड राहतं. अर्धे पैसे आगाऊ. दिल्लीकडची किंवा परदेशी मंडळी तुम्हाला कॅमेऱ्यासाठी बोलावतात आणि तिथे गेल्यावर तुम्हीच दुभाषी, तुम्हीच वाटाड्या, सरपंचाशी बोलणारेही तुम्हीच. त्याचे पैसे वेगळे मागा. अहिराणी किंवा वऱ्हाडी समजणं हे कौशल्य आहे, फुकट दिलेली चटणी नव्हे.

फीवर साधारण १० टक्के टीडीएस कापला जातो. तो भरला गेला का, हे आयकराच्या संकेतस्थळावर आपल्या खात्यात अधूनमधून पाहा, कारण काही जण कापतात आणि भरत नाहीत. वर्षाचं काम २० लाखांच्या वर गेलं की जीएसटी नोंदणी करावी लागते. माझं एक बिल एका संस्थेने वर्षभर लटकवलं होतं. तेव्हापासून शेवटचा हप्ता आणि शेवटची हार्डडिस्क एकाच दिवशी हातोहात, असं करारात लिहिते. आणि सहा महिन्यांचा घरखर्च बँकेत बाजूला. तो नसेल तर पडेल ते काम घ्यावं लागतं, आणि मग ज्या फिल्मसाठी थांबायला हवं होतं ती दुसऱ्याकडे जाते.

माहितीपट लांबतात. आनंद पटवर्धनांचा 'जय भीम कॉम्रेड' १९९७ च्या रमाबाई नगरच्या गोळीबारानंतर सुरू झाला आणि २०११ ला पूर्ण झाला. सगळेच एवढे लांबत नाहीत, पण तीन-चार वर्षं सहज जातात आणि पैसे तुकड्यातुकड्याने येतात. म्हणून माझं वर्ष मिश्र असतं. काही स्वयंसेवी संस्थांच्या फिल्म, काही कंपन्यांचं काम, डिसेंबर-मे लग्नं (हो, अजूनही), आणि उरलेला वेळ ज्यासाठी हे सगळं चालतं त्याला.

पैसे आणणं हे दिग्दर्शकाचं काम खरं, पण पैसे कुठून येतात ते तुम्हाला माहीत असलेलं बरं. बेंगळुरूचं इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स, दिल्लीचा पब्लिक सर्व्हिस ब्रॉडकास्टिंग ट्रस्ट, कोलकात्याचं डॉकएज, गोव्यात इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या वेळी भरणारा फिल्म बाजार. मुंबईचा माहितीपट आणि लघुपटांचा महोत्सव १९९० पासून भरतो, तिथे रांगेत चहा पिता पिता जेवढी कामं ठरतात तेवढी ईमेलवर ठरत नाहीत. मुंबईत फीचर आणि मालिकांमध्ये काम करायचं तर छायालेखकांच्या संघटनेचं कार्ड लागतं. मुलींनी इंडियन विमेन सिनेमॅटोग्राफर्स कलेक्टिव्ह बघा, २०१७ मध्ये सुरू झालंय.

पाठ, बूट, लॉज

कॅमेरा खांद्यावर नाही, कमरेवर झेपतो. पोट आणि पाठीचे व्यायाम रोज, शूटिंग नसतानाही. चाळिशीनंतर हे कुणी सांगावं लागत नाही. आवाज न करणारे बूट, पटकन काढता येतील असे, कारण प्रत्येक घराच्या उंबऱ्यावर ते काढायचेत. कपडे गडद, साधे. काचेत आणि पितळी भांड्यात आपलं प्रतिबिंब पडतं.

बाई असण्याचा फायदा मोठा आहे. घराच्या आतल्या खोलीत, बाळंतिणीजवळ, भांडी घासायच्या जागेवर मला कुणी अडवत नाही. तोटेही आहेत. तालुक्याच्या गावी काही लॉजवाले एकट्या बाईला खोली देत नाहीत, म्हणून निर्मात्याचं पत्र आणि ओळखपत्राच्या प्रती कायम बॅगेत. स्वच्छतागृह कुठे आहे हे रेकीच्या, म्हणजे आधी जागा पाहून येण्याच्या, दिवशीच बघा, शूटिंगच्या दिवशी नाही. पाणी कमी पिऊन दिवस काढण्याची सवय लावून घेऊ नका.

विचारणं

सही घेतली म्हणजे परवानगी मिळाली असं नसतं. मराठीत, मोठ्या अक्षरांत लिहिलेला कागद वाचून दाखवा, चित्रपट कुठे कुठे दिसू शकतो हे सांगा, 'यूट्यूबवर गावातले सगळे पाहतील' हे याच शब्दांत सांगा. मग सही. शूटिंगनंतर कुणी म्हणालं की ते नको, तर ते काढायचं. लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणातल्या पीडितेची ओळख उघड करणं हा गुन्हा आहे. मूल असेल तर अधिकच कडक. चेहरा धूसर करून भागत नाही, घर, शाळेचा गणवेश, गावाची पाटी यांवरूनही ओळख पटते. त्यामुळे हे शूट करतानाच ठरवायचं, संकलनावर सोडायचं नाही. पाठमोरं, हात, भिंतीवरची सावली, असं काय ते आधी दिग्दर्शकाशी बोलून घ्या.

बरं, कॅमेरा

आता तो प्रश्न. तुमच्याकडे आहे तो. पुढचा घ्यायचा तेव्हा सेकंडहँड घ्या, आणि पैसे या क्रमाने घाला: माइक, हेडफोन, बॅटऱ्या, एक चांगली झूम लेन्स, ट्रायपॉडचं डोकं, सगळ्यात शेवटी कॅमेऱ्याची बॉडी. २४-७० किंवा २४-१०५ यापैकी एकच लेन्स दोन वर्षं वापरा. खोलीत शिरण्याआधीच कुठे उभं राहिल्यावर काय दिसेल ते डोळ्यांना कळायला लागेल. मोठं काम आलं तर भाड्याने आणा; भाड्याचा कॅमेरा आदल्या संध्याकाळी आणून घरी अर्धा तास चालवून बघा, मेन्यू मागच्या माणसाने कुठे नेऊन ठेवलाय ते शूटिंगच्या दिवशी शोधायला लागू नये. विमानात लिथियम बॅटऱ्या हातातल्या बॅगेत; १०० वॉट-अवरच्या आतल्या घ्या म्हणजे काउंटरवर वाद नको. खेड्यात चार्जिंगची सोय पोचल्या पोचल्या विचारून घ्या. वीज कुठल्या वेळी असते हे किराणा दुकानदाराला अचूक माहीत असतं.

रात्री कितीही दमलात तरी डेटा उतरवल्याशिवाय झोपायचं नाही. सेकंदाला १०० मेगाबिट (१०० एमबीपीएस) दर्जाचं फुटेज तासाला साधारण ४५ जीबी होतं. चार तास शूट केलंत तर १८० जीबी, दोन डिस्कवर दोनदा. दोन्ही डिस्क एका बॅगेत ठेवायच्या नाहीत, एक दिग्दर्शकाकडे आणि एक तुमच्याकडे. कार्ड पुसण्याआधी पहिली, मधली आणि शेवटची क्लिप उघडून पाहा, नुसता आकार जुळला म्हणजे झालं असं नाही. फोल्डरला तारीख, गाव आणि कार्डाचा क्रमांक. 'फायनल', 'न्यू', 'न्यू २' असली नावं बघितली की मी सहायकाला त्या दिवशीचा चहा आणायला पाठवते. आणि करारात एक ओळ घाला: चित्रपट पूर्ण झाल्यावर एक चांगली प्रत आणि स्वतःच्या शोरीलसाठी दोन मिनिटं वापरायची मुभा. नंतर मागितली तर मिळत नाही, निर्माता तोवर पुढच्या कामात असतो.